पऱ्हाटी उपटायच्या यंत्रावर पेटंटची नोटीस आली आहे. कोर्टात पेटंटलाच आव्हान देता येतं का?

ऐरण | सोमवार, रात्री १०.१५

मंडळी, राम राम. नेहमी वाचून जातो, लिहीत नाही. आज लिहावं लागतंय.

चोपड्याजवळ माझं फॅब्रिकेशनचं दुकान आहे. वडिलांची भट्टी होती, वखराच्या पासा आणि नांगराचे फाळ पाजवायचे. मी वेल्डिंग, लेथ शिकलो आणि २०११ च्या हंगामापासून ट्रॅक्टरमागे लावायचं पऱ्हाटी (कापूस वेचून झाल्यावरची कपाशीची झाडं) उपटायचं यंत्र बनवतो. खाली ट्रकच्या जुन्या पाट्याचं पातं, त्याला पुढून इंग्रजी व्हीसारखी खाच. खोड खाचेत शिरतं, वरून स्प्रिंगची पट्टी दाबून धरते आणि पातं मागे चढतं असल्यामुळे झाड मुळासकट निघतं. गुलाबी बोंडअळी आल्यापासून फरदड (हंगाम संपल्यावरही राखलेली कपाशी) ठेवू नका, काड्या लवकर काढा असं सगळेच सांगतात, त्यामुळे मागणी वाढली. वर्षाला पंधरा-वीस नग जातात. चोपडा, यावल, शिरपूर, थोडे नंदुरबारकडे.

परवा परराज्यातल्या एका कंपनीच्या वकिलाची नोटीस आली. त्यांचा पेटंट अर्ज ऑगस्ट २०१७ चा, पेटंट मिळालं २०२२ मध्ये. म्हणतात, तुमचं यंत्र आमची नक्कल आहे. पंधरा दिवसांत बनवणं बंद करा, आजवर विकलेल्या सगळ्या यंत्रांची यादी द्या, वीस लाख भरा आणि पाचशेच्या स्टॅम्पवर लिहून द्या की पुन्हा बनवणार नाही.

माझ्याकडे चार पोरं कामाला आहेत. मी नक्कल केलेली नाही. त्यांचं यंत्र मी पाहिलेलंसुद्धा नव्हतं. पण इथले एक जाणते म्हणाले, सरकारने दिलेलं पेटंट म्हणजे सातबाऱ्यासारखं पक्कं, त्याच्यापुढे काही चालत नाही. हे खरं आहे का? रात्री झोप लागत नाही म्हणून विचारतोय.

गिरणाकाठ | सोमवार, रात्री १०.४०

भाऊ, घाबरू नका. आम्ही शेतस, म्हणजे आहोत ना.

माझ्याकडे तुमच्या यंत्रासारखंच एक आहे, पाचोऱ्याच्या माणसाने बनवलेलं. हाताने पऱ्हाटी उपटली की दोन दिवस तळहात उघडे पडतात, ते ज्याने केलं त्यालाच माहीत. स्टॅम्पवर सही मात्र करू नका.

कैफियत | सोमवार, रात्री ११.३०

ऐरण दादा, मी धुळ्यात वकिली करते. कागद न बघता सल्ला देता येत नाही, तरी झोप लागावी म्हणून मूळ गोष्ट आजच सांगते.

सातबाऱ्याची उपमा बरोबर आहे, पण त्या जाणत्यांच्या अर्थाने नाही. सातबाऱ्यावर नाव लागलं म्हणजे मालकी सिद्ध झाली असं होत नाही, दिवाणी कोर्टात ती तपासली जाते. पेटंटचंही तसंच आहे. पेटंट कायदा १९७० च्या कलम १३(४) मध्ये स्पष्ट लिहिलंय की कार्यालयाने तपासणी करून पेटंट दिलं म्हणून ते वैध असल्याची कोणतीही हमी सरकार देत नाही. तपासणी करणारा अधिकारी कागदोपत्री शोध घेतो. चोपड्याच्या बांधावर २०११ साली काय चालत होतं ते त्याला कुठून दिसणार? म्हणून तर कायद्याने नंतर आव्हान द्यायची वाट ठेवली आहे.

वाटा अशा. पेटंट मिळाल्याचं प्रसिद्ध झाल्यापासून एका वर्षात पेटंट कार्यालयात विरोध करता येतो, कलम २५(२). ती मुदत तुमची गेली. आता राहतं कलम ६४, म्हणजे हायकोर्टात पेटंट रद्द करायचा अर्ज. धंद्याला ज्याची झळ बसते असा कोणीही ‘हितसंबंधी’ माणूस तो करू शकतो. पूर्वी हे अर्ज चेन्नईच्या अपील मंडळापुढेही जायचे, २०२१ मध्ये ते मंडळ बंद झालं. किंवा त्यांनी दावा लावला तर त्याच दाव्यात प्रतिदावा. आणि प्रतिदावा न करताही, कलम १०७ खाली, ‘हे पेटंटच टिकणारं नाही’ हा नुसता बचाव म्हणून घेता येतो.

या शेवटच्या दोनांत फरक आहे, तो समजून घ्या. उल्लंघनाचा दावा जिल्हा कोर्टात लागतो. तुम्ही रद्द करण्याचा प्रतिदावा केला की कलम १०४ नुसार दावा आणि प्रतिदावा दोन्ही हायकोर्टात जातात. नुसता बचाव घेतला तर दावा जिल्ह्यातच राहतो. तुम्ही जिंकलात तर तुम्ही सुटता, पण पेटंट रजिस्टरवर तसंच राहतं, उद्या पाचोऱ्याच्या त्या माणसाला तीच नोटीस जाऊ शकते.

उद्या ही तीन कामं करा. पेटंट क्रमांक टाकून पेटंट कार्यालयाच्या संकेतस्थळावरून पूर्ण विनिर्देश (शोधाचं सविस्तर वर्णन) उतरवून घ्या. वार्षिक शुल्क भरलंय की पेटंट आधीच लॅप्स झालंय ते ई-रजिस्टरमध्ये बघा. आणि त्यातला पहिला क्लेम, म्हणजे नेमका कशावर हक्क सांगितलाय ते वाक्य, इथे शब्दशः टाका. नोटिशीत काय लिहिलंय ते सोडा. भांडण क्लेमच्या शब्दांवर असतं.

टर्नर_भुसावळ | मंगळवार, सकाळी ७.०५

मी रेल्वेच्या वर्कशॉपमधून टर्नर म्हणून निवृत्त झालो. ऐरण भाऊ, आपल्यासारख्या कारागिराचीच एक केस सर्वोच्च न्यायालयापर्यंत गेली होती, ती सांगतो. लेथवर काम केलेल्या माणसाला ती लगेच कळेल.

मिर्झापूरला पितळेची भांडी बनतात. थाळी लेथवर घासून चकचकीत करायची तर ती आधी धरायला हवी. जुनी पद्धत अशी की थाळी हेडस्टॉकला, म्हणजे लेथच्या फिरवणाऱ्या टोकाला, चिकटवायची किंवा चकच्या जबड्यात धरायची. फिरता फिरता थाळी निसटून उडायची, माणसं जखमी व्हायची. १९५१ साली हिंदुस्तान मेटल इंडस्ट्रीजने पेटंट घेतलं. थाळी एका बाजूने अडॅप्टरवर टेकवायची आणि पलीकडून टेलस्टॉकसारख्या (लेथच्या समोरच्या टोकाचा आधार) फिरत्या दांड्याने दाबून धरायची. गावातल्याच बिश्वनाथ प्रसाद राधेश्याम या पेढीने तसंच काम सुरू केलं, म्हणून त्यांच्यावर दावा. त्यांनी उलट म्हटलं, यात नवीन काय आहे?

अलाहाबाद हायकोर्टाच्या एका न्यायमूर्तींनी पेटंट रद्द केलं. दोघांच्या खंडपीठाने ते पुन्हा उभं केलं. शेवटी १३ डिसेंबर १९७८ ला सर्वोच्च न्यायालयाने एका न्यायमूर्तींचा निकाल कायम केला, पेटंट गेलं. टेलस्टॉकने काम दाबून धरणं हे लेथइतकंच जुनं. ते थाळीसाठी वापरणं ही कारखान्यातली रोजची सुधारणा झाली, शोध नाही, असं न्यायालयाने म्हटलं. कसोटीही दिली: पेटंटच्या तारखेला जे माहीत होतं तेवढंच ज्ञान असलेला एखादा कसबी कारागीर घ्या, त्याच्यापुढे तीच अडचण ठेवा. तो सहज त्या उत्तराला पोचला असता का?

मी चाळीस वर्षं लेथवर उभा राहिलो. तो निकाल कोणीतरी वाचून दाखवला तेव्हा वाटलं, आपल्या हाताच्या अकलेला इतक्या मोठ्या कोर्टाने जागा दिली.

पण १९५१ चं पेटंट आणि १९७८ चा निकाल, सत्तावीस वर्षं. हे पण ध्यानात ठेवा.

ऐरण | मंगळवार, दुपारी २.२०

ताई, पोरीने संगणकावरून काढून दिलं. शुल्क भरलेलं आहे, पेटंट चालू आहे. पहिला क्लेम इंग्रजीत आहे, तिने मराठी केला तो असा:

कपाशीचे खोड उपटण्याचे यंत्र, ज्यात (क) ट्रॅक्टरच्या तीन बिंदू जोडणीला लावायची चौकट, (ख) चौकटीला जोडलेले व्ही आकाराच्या खाचेचे चढते पाते, (ग) पात्यावर खोड दाबून धरणारी स्प्रिंगची पट्टी, (घ) दोन ओळींतील अंतर बदलता यावे म्हणून चौकटीत लांबट छिद्रे, आणि (ङ) खोलीचे चाक, जे एका भुजेने स्प्रिंगच्या पट्टीला जोडलेले असून चाक वरखाली झाले की स्प्रिंगचा दाब आपोआप बदलतो.

पहिल्या चार गोष्टी माझ्या यंत्रात पहिल्यापासून आहेत. चाकही आहे, पण ते नुसतं खोलीसाठी. स्प्रिंगला जोडलेलं नाही. स्प्रिंगचा दाब मी नटाने ठेवतो.

सायंकाळ_५५ | मंगळवार, दुपारी ३.००

सरळ उपाय सांगतो. २०१० ची दोन-चार जुनी बिलं बनवून घ्या, त्यात सगळं वर्णन लिहा. कोण तपासतंय?

कैफियत | मंगळवार, दुपारी ३.२५

सायंकाळ, असं पुन्हा कोणाला सांगू नका. खोटा दस्तऐवज तयार करणं आणि तो कोर्टात खरा म्हणून देणं हे गुन्हे आहेत. त्याहून वाईट म्हणजे एक खोटं बिल सापडलं की ऐरण दादांची दहा खरी बिलं मातीमोल होतील. त्यांची बाजू खरी आहे, तिला भेसळ लावायची गरज नाही.

ऐरण दादा, क्लेम वाचला. पाच भाग आहेत. उल्लंघन ठरायला तुमच्या यंत्रात पाचही असावे लागतात आणि तुमच्यात (ङ) नाही. हा तुमचा पहिला खांब. ते म्हणतील, भुजा असली काय नि नट असला काय, फरक किरकोळ आहे, काम तेच होतं. तसं ते म्हणाले की त्यांचंच पेटंट अडचणीत येतं, कारण भुजा किरकोळ असेल तर उरलेली चार अंगं तुम्ही २०११ पासून विकताय. मग त्यांनी नवीन केलं काय?

हा बचाव शंभराहून जास्त वर्षं जुना आहे. दाढीच्या पात्याच्या जिलेट कंपनीने इंग्लंडमध्ये दावा लावला होता, १९१३ साली तिथल्या हाऊस ऑफ लॉर्ड्ससमोर तो निकाली निघाला. लॉर्ड मोल्टन यांनी मांडलेला विचार असा: मी जे करतो ते पेटंटच्या आधीपासून लोक करत होते एवढं मी दाखवलं, तर मला पेटंटच्या बारकाव्यात शिरायचं कारण नाही. माझी वस्तू पेटंटच्या कक्षेत येत नसेल तर उल्लंघन नाही. येत असेल तर पेटंटने जुनीच वस्तू कवेत घेतली, म्हणून ते अवैध. आजही वकील याला जिलेट बचाव म्हणतात.

आता कच्ची बाजू. ‘नवीन नाही’ असं म्हणायचं तर पाचही अंगं एकाच जुन्या यंत्रात दिसली पाहिजेत. चार इथे आणि एक तिथे, हे चालत नाही. तेव्हा ‘नवीन असेल, पण उघड आहे, कोणालाही सुचलं असतं’ असं मांडावं लागतं. कलम ६४(१) मध्ये ही दोन वेगळी कारणं आहेत आणि दुसरं सिद्ध करणं जड जातं. म्हणून नीट आठवा: २०१७ च्या आधी चाक आणि स्प्रिंग जोडलेलं एखादं यंत्र तुम्ही बनवलं होतं का, किंवा कुठे पाहिलं होतं का? घाईने उत्तर देऊ नका.

शिरपूरकर | मंगळवार, रात्री ९.१०

थोडं वेगळं बोलतो, राग मानू नका. माझ्याकडे केळीच्या खांबाच्या एका यंत्राचं पेटंट आहे. चार वर्षं रात्री जागून केलं, बायकोचे दागिने मोडले. बाजारात आणलं आणि दुसऱ्या हंगामात तीन जणांनी हुबेहूब काढलं. तेव्हा मलाही हेच ऐकावं लागलं, ‘यात काय नवीन, चेन आणि रोलर तर आधीपासून आहेत.’

सुटे भाग जुनेच असतात हो. लोखंड, स्प्रिंग, बेअरिंग कोणी नव्याने शोधत नाही. दिल्ली हायकोर्टात राजप्रकाश विरुद्ध मंगतराम चौधरी अशी केस झाली. फिल्मची पट्टी बघायचं एक खेळणं, इतकं साधं की एका न्यायमूर्तींनी दावा फेटाळला. अपिलात खंडपीठाने पेटंट वैध धरलं आणि उल्लंघनही मानलं. साधेपणा हा पेटंटचा दोष नाही, जुन्या भागांच्या जोडणीतूनही शोध होऊ शकतो, हे त्यात आहे.

ऐरण भाऊंनी नक्कल केली असं मी म्हणत नाही, त्यांचं लिखाण खरं वाटतं. पण ‘कंपनी म्हणजे चोर’ असं धरून चालू नका. (ङ) मधली कल्पना मला चांगली वाटते. काळी जमीन कुठे मऊ, कुठे घट्ट. चाक बसेल तसा दाब बदलणं हे ज्याला सुचलं त्याने विचार केलेला आहे.

पवनचक्की_साक्री | मंगळवार, रात्री १०.००

शिरपूरकर दादांचं म्हणणं योग्य आहे, पण जोडणीलाही मर्यादा आहे. आपल्या कायद्यात कलम ३(फ) आहे: माहीत असलेली उपकरणं नुसती मांडली, फेरमांडली किंवा दुप्पट केली, आणि प्रत्येक आपलं आपलं जुनंच काम करत राहिलं, तर तो शोध नाही. चाक आणि स्प्रिंग आपापलं काम करतात की दोघांच्या जोडीने तिसरंच काही साधतं, खरा प्रश्न तिथे आहे. मला वाटतं इथे तिसरं काहीतरी साधतंय, त्यामुळे ३(फ) वर फार विसंबू नका.

अमेरिकेत शेतीच्या अवजारावरचीच एक केस आहे, ग्रॅहम विरुद्ध जॉन डीअर, १९६६. खडकाळ जमिनीत नांगराचा दांडा दगडाला अडला की मोडू नये म्हणून स्प्रिंगचा क्लॅम्प. ग्रॅहमने आपल्याच जुन्या रचनेत दांडा आणि बिजागरीच्या पट्टीची जागा बदलली, वरचा खाली घेतला, आणि दुसरं पेटंट घेतलं. तिथल्या सर्वोच्च न्यायालयाने ते अवैध ठरवलं. जाणत्याला ही अदलाबदल सहज सुचली असती म्हणून. सातपुड्याच्या पायथ्याला ज्याने दगडात नांगर घातलाय त्याला हे चित्र डोळ्यासमोर येईल.

अजून एक, माझ्या धंद्यातलं. ब्राह्मणवेलच्या पठारावर मी पवनचक्क्यांच्या देखभालीला असतो. पवनचक्कीच्या पेटंटांवरून डॉ. अलॉइस वोबेन विरुद्ध योगेश मेहरा हा मोठा खटला झाला, सर्वोच्च न्यायालयाचा निकाल २ जून २०१४ चा. त्यात ठरलं की एकाच माणसाला एकाच पेटंटवर सगळी दारं ठोठावता येत नाहीत. आधी रद्द करायचा अर्ज केला असेल तर पुन्हा प्रतिदावा नाही, प्रतिदावा केला तर वेगळा अर्ज नाही. आणि २५(२) चा विरोध केलेल्याला नंतर दोन्ही बंद. म्हणजे वाट एकच निवडायची आहे. ताई, बरोबर ना?

कैफियत | मंगळवार, रात्री १०.३५

अगदी बरोबर. म्हणूनच पुरावा हातात येण्याआधी अर्ज ठोकून देऊ नका म्हणते.

शिरपूरकर दादा, तुमची पोस्ट मला आवडली. तुमचं पेटंट खरं असेल तर कोणी आव्हान देऊन ते पडणार नाही. उलट कोर्टाने वैध ठरवलं तर कलम ११३ खाली तसा दाखला मिळतो आणि पुढच्या दाव्यात त्याचं वजन पडतं.

ऐरण | बुधवार, पहाटे ५.४०

ताई, रात्रभर आठवलं. आठवलं!

२०१४ च्या हंगामात यावलकडचे एक आप्पा आले होते. त्यांचं अर्धं शेत तापीकाठची गाळाची जमीन, अर्धं वरचं चढाचं. म्हणाले, खाली स्प्रिंग ढिली लागते, वर कडक, दर वेळी उतरून नट फिरवायचा कंटाळा येतो, काहीतरी कर. मी चाकाच्या दांड्यापासून एक लोखंडी पट्टी वर नेऊन स्प्रिंगच्या कानाला जोडून दिली होती. त्यांच्या शेजाऱ्यालाही एक दिलं. दोनच नग. पट्टी मातीने अडकायची, लोक तक्रार करायचे, म्हणून पुन्हा बनवलं नाही आणि विसरून गेलो. मला ते शोध-बिध काही वाटलं नव्हतं. गिऱ्हाइकाची अडचण होती, सोडवली.

पण हे कुठे छापून आलेलं नाही. दोन शेतकऱ्यांच्या बांधावरचं काम. याला कोर्ट विचारेल का?

टर्नर_भुसावळ | बुधवार, सकाळी ७.३०

विचारेल. पाण्यावर शिडाच्या फळीवर उभं राहून जातात, विंडसर्फिंग म्हणतात, त्याची केस माझ्या भाच्याने सांगितली होती. इंग्लंडमध्ये एका कंपनीचं त्यावर पेटंट होतं. त्याविरुद्ध पुरावा आला तो असा की १९५८ मध्ये हेलिंग बेटावर पीटर चिल्व्हर्स नावाच्या बारा वर्षांच्या मुलाने घरी तशी फळी बनवली होती आणि उघड्यावर, लोकांदेखत चालवली होती. कुठे छापून नाही, कुठे विकली नाही. तिथल्या अपील कोर्टाने पेटंट अवैध ठरवलं.

मुलाची फळी चालली, तर आपल्या आप्पांचं यंत्र का नाही चालणार?

कैफियत | बुधवार, सकाळी ९.१५

काका, छान उदाहरण दिलंत. निकाल परदेशातला आहे, पण आपल्याकडेही कलम ६४(१)(ई) मध्ये पेटंटच्या तारखेआधी भारतात ‘सार्वजनिकरीत्या माहीत असणं किंवा वापरात असणं’ हे कारण आहेच. शेतात उघड्यावर, गुप्ततेची अट न घालता विकलेलं आणि चालवलेलं यंत्र हे गुप्त काम नव्हे. पट्टी मातीने अडकायची हेही आड येत नाही, यंत्र चालत होतं एवढं पुरे.

आता सगळं पुराव्यावर आहे. इथे लोक चुकतात म्हणून सविस्तर लिहिते.

तुमच्या २०१४ च्या बिलावर काय लिहिलंय? बहुतेक ‘पऱ्हाटी उपटणी यंत्र, १ नग’. त्याने विक्री आणि तारीख सिद्ध होते, रचना सिद्ध होत नाही. रचना यंत्रच सांगणार. पण समोरचा वकील विचारेल, ही पट्टी २०१४ चीच कशावरून? नोटीस आल्यावर जोडली नसेल कशावरून? म्हणून तारीख आणि रचना यांना बांधणारा दुवा हवा. तुम्ही चौकटीवर नंबर-प्लेट मारता का? तोच नंबर बिलावर आहे का? त्या वेळचा मोबाइलमधला फोटो आहे का? आप्पांनी ट्रॅक्टरच्या कर्जात किंवा सोसायटीत यंत्राचा कागद लावला होता का? २०१४ म्हणजे जीएसटीच्या आधीचं, तेव्हा व्हॅट होता. तुमचा नोंदणी क्रमांक असेल तर विवरणपत्रं बघा.

फोटो किंवा व्हिडिओ मिळाला तर मूळ मोबाइल जपून ठेवा, फॉरवर्ड झालेली प्रत नको. १ जुलै २०२४ पासून भारतीय साक्ष्य अधिनियम लागू आहे. त्याच्या कलम ६३ चं प्रमाणपत्र लागतं आणि त्यात हॅश व्हॅल्यू (त्या फाइलची आकडे-अक्षरांतली ओळखखूण) लिहावी लागते.

यंत्र सापडलं तर त्याला हात लावू नका. रंग नाही, वेल्डिंग नाही, गंज पुसणं नाही. आहे तसं राहू द्या. पुढे कोर्ट कमिशनर नेमून तपासणी मागता येते, तेव्हा जुना गंज आणि जुना वेल्डच बोलेल. आणि आप्पांना भेटाल तेव्हा त्यांना काय बोलायचं ते शिकवू नका. आठवतं तेवढंच त्यांनी सांगावं, आठवत नाही ते नाही म्हणावं. उलटतपासणीत असाच साक्षीदार टिकतो.

एक मर्यादाही ऐका. पहिला क्लेम पडला म्हणजे सगळं पेटंट पडलं असं नाही. खाली आणखी क्लेम असतील, ते एकेक तपासले जातात. पेटंटधारक कोर्टाच्या परवानगीने क्लेम आखडून घेण्याचाही प्रयत्न करू शकतो. पण आखडलेल्या क्लेममध्ये तुमचं साधं नटवालं यंत्र आणखीच बसणार नाही, त्यामुळे तुम्हाला त्याची भीती नाही.

गिरणाकाठ | बुधवार, सकाळी ११.००

ताई, एक अडाणी प्रश्न. त्या कंपनीने दिल्लीला किंवा कुठे लांब दावा लावला तर? तारखेला जाता जाताच माणूस संपेल.

कैफियत | बुधवार, दुपारी १२.१०

अडाणी अजिबात नाही, पहिला प्रश्न हाच यायला हवा होता. ट्रेडमार्क आणि कॉपीराइटच्या कायद्यात वादीला स्वतःच्या गावी दावा लावायची खास सोय आहे, पेटंट कायद्यात तशी नाही. जिथे प्रतिवादी राहतो किंवा धंदा करतो, अथवा जिथे उल्लंघन घडलं तिथेच. म्हणून ऐरण दादा, पुढचे काही महिने अनोळखी लांबच्या शहरातून ‘एक नग पाठवा’ असा फोन आला तर पाठवू नका. तिथे विक्री झाली असं दाखवून तिथलं कोर्ट गाठायची ती तयारी असू शकते.

दावा लागून समन्स आलं तर मुदत पाळा. हे दावे व्यावसायिक न्यायालयात चालतात. कैफियत, म्हणजे दाव्याला लेखी उत्तर, तीस दिवसांत द्यायची, कोर्टाने वाढवली तरी समन्स मिळाल्यापासून १२० दिवसांच्या पुढे नाही. १२१ व्या दिवशी हक्क गेला. कितीही खरा पुरावा असला तरी मग तो मांडायला कैफियतच नाही. मी असा माणूस पाहिलाय, म्हणून पोटतिडकीने सांगते.

त्याच वेळी ते अंतरिम मनाई मागतील. तेव्हा तुम्हाला पेटंट पूर्ण खोटं ठरवावं लागत नाही. त्याच्या वैधतेवर खराखुरा, विश्वास ठेवण्याजोगा आक्षेप आहे एवढं दाखवायचं असतं. टीव्हीएस आणि बजाजच्या दोन स्पार्क प्लगच्या इंजिनावरून मद्रास हायकोर्टात वाद झाला तो आठवतो का? फेब्रुवारी २००८ मध्ये मनाई मिळाली, मे २००९ मध्ये खंडपीठाने उठवली, आणि सप्टेंबर २००९ मध्ये सर्वोच्च न्यायालयाने सांगितलं की असे दावे रोजच्या रोज ऐकून साधारण चार महिन्यांत संपवावेत. मनाईवरच गाड्या थांबतात, दुकानं थांबतात. तेव्हा पहिल्या तारखेलाच पुरावा तयार हवा.

आणि स्टॅम्पवर सही नाही. परवाना घ्या, रॉयल्टी द्या, पण पेटंटला कधी आव्हान देऊ नका, अशी अट घालतील. कलम १४० प्रमाणे परवान्यात आव्हानबंदीची अट घालणं बेकायदा आहे. पण ‘नक्कल केली’ अशी कबुली एकदा लिहून दिली की ती पुसत बसावी लागते.

शिरपूरकर | बुधवार, सायंकाळी ६.४५

ऐरण भाऊ, आप्पांची गोष्ट वाचली. काल मी (ङ) बद्दल बोललो ते मागे घेत नाही, कल्पना चांगलीच आहे. फक्त ती तुम्हाला तीन वर्षं आधी सुचली होती. तुम्ही तेव्हा अर्ज केला असता तर आज पेटंट तुमचं असतं. आता ते होणार नाही, ज्ञान उघड झालं. पण दुसऱ्याने त्यावर कुंपण घालू नये एवढं तरी व्हायला हवं.

तज्ज्ञ साक्षीदार लागेल. राहुरी विद्यापीठात कृषी अभियांत्रिकीची माणसं आहेत. भोपाळच्या केंद्रीय कृषी अभियांत्रिकी संस्थेची जुनी प्रकाशनंही बघा, काडी उपटायच्या अवजारांवर बरंच काम झालेलं आहे. २०१७ च्या आधीचं काही सापडलं तर ‘उघड आहे’ या कारणाला ते दुसरा खांब देईल. माझ्या पेटंटच्या वेळी मी शोध कसा घेतला ते माहीत आहे, रविवारी चोपड्याला येऊन तुमच्या पोरीसोबत बसतो.

ऐरण | शनिवार, रात्री ८.३०

मंडळी, काय बोलू.

गुरुवारी यावलला गेलो. आप्पा गेल्या वर्षी वारले. घरात पोरगा आहे, त्याने यंत्र भंगारात दिलं. मी तिथेच ओट्यावर बसून राहिलो. काकूंनी चहा दिला.

शेजाऱ्याकडे गेलो. त्यांचं यंत्र गोठ्यामागे उभं आहे, तीन वर्षं वापरलेलं नाही, वेल चढलेत. पट्टी जागेवर आहे. स्प्रिंगच्या कानाला माझाच वेल्ड, मी ओळखला. चौकटीवरची प्लेट गंजलीय पण ठोकलेला नंबर बोटाला लागतो: १४/०७. माझ्या बिलबुकात १४/०७ आहे, डिसेंबर २०१४, त्यांचं नाव, चेकने पैसे. बँकेच्या उताऱ्यात चेक दिसतो. ताईंनी सांगितलं तसं हात लावला नाही, वेलसुद्धा काढले नाहीत, सगळ्या बाजूंनी फोटो घेतले. शेजारी म्हणाले, जे आहे ते सांगेन, कोर्टात येईन.

काल ताईंना कागद दाखवले. नोटिशीला उत्तर गेलं. यादी दिली नाही, पैसे नाहीत, सही नाही. आमचं यंत्र तुमच्या क्लेममध्ये बसत नाही, आणि बसतं म्हणत असाल तर तुमच्या तारखेआधी ते उघड वापरात होतं, एवढंच. नोटीस मागे घेतली नाही तर कलम १०६ खाली बिनबुडाच्या धमकीचा दावा आम्ही लावू, असंही लिहिलं. कंपनी दावा लावेल की नाही ठाऊक नाही. दुकान चालू आहे.

ताई म्हणाल्या एका यंत्रावर सगळा भार नको. म्हणून विनंती: चोपडा, यावल, शिरपूर, शहादा भागात २०१७ च्या आधीचं काडी उपटायचं यंत्र, माझं असो की दुसऱ्याचं, ज्यात चाक आणि स्प्रिंग जोडलेलं आहे, कोणाच्या शेडमध्ये असेल तर इथे कळवा. विकत मागत नाही. फक्त बघायचंय.

गिरणाकाठ | शनिवार, रात्री ९.०५

आत्ता बॅटरी घेऊन शेडमध्ये जाऊन आलो. माझ्यात चाकापासून वर एक साखळी गेलीय, पट्टी नाही. स्प्रिंगच्या टोकाला हूकने अडकवलीय. चाक उचललं की स्प्रिंग ढिली होते. प्लेट नाही, पण पाचोऱ्याच्या त्या माणसाने पिवळ्या रंगाने तारीख घातली होती, अर्धी उडालीय. २०१ पर्यंत दिसतं, शेवटचा आकडा दिसत नाही. बिल सकाळी कपाटात शोधतो. ताई, रंग पुसू नको ना?

कैफियत | शनिवार, रात्री ९.१२

पुसू नका. शेडला कुलूप लावा. बिल सापडलं की लगेच लिहा, आणि पाचोऱ्याच्या त्या कारागिराला उद्याच फोन करा, त्यांचं बिलबुक अजून आहे का ते विचारा.